जपानभूषण मिओताई

आमच्या डिंगोरे फाट्यावर माणसाचं मोठेपण फुटांत मोजतात. दहा बाय आठचा फ्लेक्स लागला की माणूस बरा, वीस बाय दहाचा लागला की माणूस पोचलेला. मध्ये वाढदिवसवाला, कपाळावर गंध, गळ्यात साखळी, आणि खाली शुभेच्छुकांच्या तीन ओळी, शाळेच्या ग्रुप फोटोसारख्या दाटून बसलेल्या. माझे थोरले चुलते, म्हणजे नाना, ज्या फ्लेक्सवर नाहीत असा फ्लेक्स माझ्या लहानपणी मी पाहिला नाही. त्यांचा फोटो एकच होता: पांढरी टोपी, जोडलेले हात आणि तोंडभर हसू. तोच फोटो कुणाच्या दहावी पासला आणि तोच कुणाच्या दशक्रियेला. दशक्रियेच्या फ्लेक्सवर ते हसू जरा विचित्र दिसायचं, पण नानांना सांगणार कोण?

हे आधी सांगून ठेवते, कारण पुढचं सगळं एका फ्लेक्सवरून घडलं. आमच्या घरात पदवी आणणारी मी पहिली, आणि ती पदवी एका जपानी गाणाऱ्या मुलीच्या वाढदिवसापायी जाता जाता राहिली. लोकांना हे सांगितलं की हसतात. मीही हसते. पण वाकून वाकून ज्याची कंबर दुखली त्याने हसावं, असं माझं मत आहे.

घर मळ्यात होतं. आण्णा, म्हणजे माझे वडील, झेंडू आणि टोमॅटो करायचे. सकाळी वीज आली की विहिरीवरची मोटर घुरघुरायची, ती ऐकून म्हैस हंबरायची आणि म्हशीचं ऐकून आईची भाकरी थापायची लय वाढायची. आई बोलायची कमी. चौथीची परीक्षा आठ दिवसांवर आली असताना तिला भावंडं सांभाळायला शाळेतून काढलं होतं, हे तिने मला आयुष्यात एकदाच सांगितलं, तेही हुलग्याची शेंगोळी वळता वळता, माझ्याकडे न बघता. मी बारावी पास झाले तेव्हा नाना म्हणाले, "बास आता." दुसऱ्या दिवशी आईने पहाटे उठून माझा डबा भरला आणि एसटीच्या वेळेला मला दारातून बाहेर काढलं. अशी मी जुन्नरला कॉलेजात गेले. घरात परवानगी अशी कुणी दिलीच नाही. डबा भरला जात होता म्हणून मी जात होते.

जुन्नरला मला सोनल भेटली. सोनल मुथा. त्यांचं पेठेत भांड्यांचं दुकान, पणजोबा राजस्थानातून आलेले, पण सोनल माझ्यापेक्षा शुद्ध मराठी बोलायची आणि मला टोकायची. दुकानाच्या वर माळा, माळ्यावर तिच्या भावाचा कॉम्प्युटर आणि त्याला इंटरनेट. खाली गिऱ्हाइकं पातेली वाजवून बघायची, टण्ण, टण्ण, आणि वर आम्ही खाखरे खात जपान बघायचो. सुरुवात कशी झाली ते सांगता येत नाही. सोनल काहीतरी दुसरंच शोधत होती आणि चोवीस मुली एकसारख्या झालरीच्या स्कर्टमध्ये एकाच वेळी उजवीकडे वळल्या. आम्ही दोघी तिथेच अडकलो ते पुढचं वर्षभर.

त्या ग्रुपचं नाव मी लिहीत नाही. त्यांचे चाहते अजून जिवंत आहेत आणि त्यांना काम नसतं. माझ्या आवडत्या मुलीचं नाव मिओ होतं असं धरून चाला. तिथे प्रत्येकाने चोविसातली एक निवडायची आणि जन्मभर तिचंच राहायचं, असा नियम. मिओ शेवटच्या रांगेत, डावीकडून दुसरी. तिला गाता येत नव्हतं हे मला पहिल्या दिवशीच कळलं होतं, पण तिथे ते दोषात मोजत नाहीत. मुलगी धडपडते आहे, रडते आहे, उद्या थोडं बरं गाईल, हेच विकायला असतं. पहिल्या रांगेत कोण उभं राहणार हे चाहत्यांच्या मतांवर ठरायचं आणि मतपत्रिका सीडीच्या आत असायची. म्हणजे जितक्या सीड्या तितकी मतं. एकाच गाण्याच्या शंभर शंभर सीड्या घेणारे बाप्ये तिथे होते. आमच्याकडे मत द्यायला पैसे घेतात, तिथे मत द्यायला पैसे देतात. कोण जास्त पुढारलेला देश ते तुम्हीच ठरवा.

सीडीवर आणखी एक चिठ्ठी मिळायची, ती दाखवली की मुलीशी हात मिळवता यायचा. तो किती वेळ? चार सेकंद. मागे एक माणूस घड्याळ घेऊन उभा, वेळ संपली की तो खांद्याला धरून पुढे ढकलणार. सोनल बघून म्हणाली, "किती अपमान गं!" मला काही वाटलं नाही. श्रावणी सोमवारी मी भीमाशंकरला गेलेले होते. सहा तास रांगेत उभं राहायचं आणि पिंडीसमोर डोळे मिटायच्या आत 'चला, चला, पुढं चला'. मला ते ओळखीचं वाटलं. फक्त इथला देव हात हातात घेऊन 'परत या हं' म्हणत होता, तेवढं जास्तीचं.

गाण्याच्या मध्ये चाहत्यांनी ठरावीक ठिकाणी ठरावीक ओरडा करायचा असतो. तो मी पाठ केला आणि झेंडू तोडताना त्याचा सराव करायचे. मिओचा रंग केशरी. तिथे लोक केशरी दिव्याच्या कांड्या हलवायचे. माझ्याकडे झेंडू होता. दोन हातांत दोन फुलं घेऊन मी वाफ्यात उभी राहून ओरडले की आण्णा बांधावरून काठी घेऊन धावत यायचे. "कुठं हाय? कुठं हाय?" त्यांना वाटायचं बिबट्या आला. दोनदा धावले, तिसऱ्यांदा बांधावर बसूनच म्हणाले, "मने, खरा आला तर येगळं वरड गं बाई."

मिओचा वाढदिवस जवळ आला. तिकडच्या चाहत्यांनी रेल्वे स्टेशनात तिची मोठी जाहिरात लावायची ठरवली आणि जगभरच्या चाहत्यांना सांगितलं, तुमच्या गावात काहीतरी करा, फोटो काढून पाठवा. ब्राझीलवाल्यांनी भिंत रंगवली. आमच्या गावात वाढदिवसाचं काय करतात ते तर ठरलेलंच होतं.

माझा मावसभाऊ पप्पूदादा जुन्नरला फ्लेक्सचं दुकान चालवायचा. फोटो बघून तो म्हणाला, "ही कोण?"

"गायिका आहे. जपानची."

"आपल्याकडं येनार हाय?"

"नाही."

"मग शुभेच्छुक कोण?"

"मी आणि सोनल." बरोबर आलेल्या सोनलने लगेच नकारार्थी मान हलवली. तिच्या पप्पांनी बघितलं तर माळ्याला कुलूप लागलं असतं. "मग मी एकटी. पण माझा फोटो नको."

"मने, शुभेच्छुक न्हाईत तर त्यो फ्लेक्स कसला? लोक म्हनतील, बाईला कुनीच न्हाई." त्याचा चेहरा खरोखर दुखावला होता. धंद्याची इज्जत असते. "तू जा. मी करतो बरुबर."

शेवटी मी त्याला हॉल तिकिटावरचा माझा फोटो देऊन कॉलेजला गेले. इतकी शिकलेली मी, पण प्रूफ बघायला थांबले नाही. त्या चुकीला मी आजही दुसरं नाव देत नाही.

सकाळी फ्लेक्स फाट्यावर लागला तेव्हा मी एसटीत होते. खिडकीतून पाहिलं. वीस बाय दहा. पूर्ण केशरी. मध्ये मिओ, गालापाशी दोन बोटं धरून हसणारी, आणि डोक्यावर शिवनेरी. 'आपल्या सर्वांच्या लाडक्या, युवा गायिका, जपानभूषण मा. मिओताई यांना वाढदिवसाच्या हार्दिक शुभेच्छा.' ताई न लावणं पप्पूदादाला उद्धट वाटलं असणार. खाली शुभेच्छुक. मध्यभागी मी, दोन वेण्या, डोळे वटारलेले, आणि दोन्ही बाजूंना चार-चार करून आमच्या तरुण मंडळाची आठ पोरं. एकाला गॉगल, एक मोबाईल कानाला लावून. त्यांचे फोटो पप्पूदादाच्या कॉम्प्युटरात कायमचेच होते. रिकामी जागा दिसली की तो ती पोरं भरायचा. एसटीतला एक म्हातारा शेजाऱ्याला म्हणाला, "आता ह्या कोंच्या वार्डातनं?" केशरी बघून त्याला पक्षप्रवेश वाटला होता.

त्याच दुपारी जपानमध्ये काय झालं ते सोनलच्या माळ्यावर कळलं. एका साप्ताहिकाने फोटो छापला होता. मिओ, एका मुलाबरोबर, एका छत्रीखाली. बास, एवढंच. पण या मुलींनी प्रेम करायचं नाही असं त्यांच्या करारातच असतं; चाहत्याला वाटलं पाहिजे की ही माझी आहे, चार सेकंद का होईना. तिकडे संध्याकाळ व्हायच्या आत कंपनीने व्हिडिओ टाकला. पांढरा सदरा घातलेली मिओ, मागे कोरी भिंत. ती दोन वाक्यं बोलली आणि कमरेत वाकली. केस तोंडावरून खाली लोंबले. ती वाकलेलीच राहिली. मी मोजलं, बारा सेकंद.

आता मी काय केलं ते लिहिते. मी सोनलला बाजूला सारून कॉम्प्युटरपुढे बसले आणि व्हिडिओखाली इंग्रजीत लिहिलं की तू आमचा विश्वासघात केला आहेस, नुसतं वाकून भागणार नाही, ग्रुप सोड. व्याकरण दोनदा तपासलं. अनेकांनी त्याला अंगठे दिले आणि मला मनापासून बरं वाटलं. जिला घरून एसटी स्टँडवर पाच मिनिटं जास्त थांबायची सोय नव्हती, ती मी, समुद्रापलीकडच्या वीस वर्षांच्या बाईने कुणाबरोबर छत्री घ्यावी हे ठरवत होते. सोनल म्हणाली, "तुझ्या नानांसारखी बोलतेस गं." मी चिडले आणि निघून आले.

घरी नाना ओसरीवर बसलेले होते. त्यांनी विचारलं नाही, सांगितलंच. "बाईमानसाचा फोटू फ्लेक्सवर दोनदाच लागतो. पास झाल्यावर, न्हाईतर मेल्यावर. तू काय झालीस?"

मी सांगायला गेले की पोरांचे फोटो मी दिलेले नाहीत, त्यातल्या सहा जणांची नावंही मला माहीत नाहीत. नाना आण्णांकडे बघून म्हणाले, "फाट्यावर लोक इचारत्यात, आठातला कोंचा? काय सांगू? पेठच्या पावण्यांस्नी मी शबुद दिलेला. त्यांच्या गाडीला त्योच रस्ता हाय." पेठ गावचं हे स्थळ नानांनीच आणलं होतं, मुलाची रोपवाटिका होती आणि मुलगी जास्त शिकलेली नको, एवढीच त्यांची अट होती. "ऐतवारी भावकी बसंल. मनी समद्यांम्होरं माफी मागंल, कॉलेज बंद, आन म्हैन्याभरात पेठंला लगीन." आण्णा बांधावरच्या बिबट्याला काठी घेऊन जात, पण नानांपुढे त्यांच्या तोंडून 'व्हय' एवढंच निघालं.

रविवारी आईने मासवड्या केल्या. लेकीचा निवाडा करायला येणाऱ्यांसाठीसुद्धा आमच्याकडे मासवड्याच होतात. भावकी म्हणजे शेवटी पाहुणे. सकाळपासून घरात तीळ आणि सुकं खोबरं भाजल्याचा वास. बेसनाचा पिवळा गोळा ओल्या फडक्यावर थापताना आई एकदाच म्हणाली, "वाकायला लागलं तर वाक. पर रडू नकू. रडलं की त्यास्नी गोड लागतं."

दुपारी नाना, आबा आणि आणखी तिघं ओसरीवर बसले. आबा भावकीत सगळ्यांत वडीलधारे, कानाने अर्धे गेलेले. आमच्याकडे माफीची रीत सरळ आहे. पाया पडायचं, म्हातारा 'आसूं दे, आसूं दे' म्हणतो, पाठीवर हात ठेवतो, प्रकरण संपतं आणि त्याने जे ठरवलेलं असतं ते होतं. मला पाया पडायचं नव्हतं. मी काही केलेलं नव्हतं. आणि माफी कशी मागतात हे मी आठवड्यापूर्वीच त्यातल्या सराईत लोकांकडून पाहिलेलं होतं.

मी मध्ये उभी राहिले, हात मांड्यांवर ठेवले, म्हणाले, "माझ्यामुळे तुम्हाला लोकांची बोलणी खावी लागली, त्याबद्दल माफी मागते." आणि कमरेत वाकले. पार काटकोनात. कुणाच्याच पायाला हात लावला नाही.

पहिल्यांदा कुणाला काही कळलं नाही. वेण्या पुढे येऊन लोंबत होत्या. फरशीच्या फटीतून मुंग्यांची रांग चालली होती. मी मोजत होते. सातपर्यंत सोपं असतं. नवाला डोक्यात रक्त उतरतं. बाराला मला कळलं की बारा सेकंद म्हणजे काय असतात, आणि मिओ वाकलेली असताना 'नुसतं वाकून भागणार नाही' म्हणणारी मी इथे ओसरीवर पाच टोप्यांच्या रांगेत बसलेली आहे. मला तेव्हा स्वतःची इतकी किळस आली की सरळ होऊन त्यांची तोंडं बघायचं धैर्यच होईना. मी वाकलेलीच राहिले.

"हिचं काय झालं?" कुणीतरी म्हणालं.

"कंबर धरली का काय पोरीची?"

आबा घाबरले. "आंगात आलं व्हय रं? हळद-कुकू आना!"

"ऊठ की मने," नाना म्हणाले. "झाली की माफी. ऊठ!"

मी उठले नाही. आता चाळीस झाले होते. आणि स्वयंपाकघरातून आई बाहेर आली, हातात मासवड्यांची परात, डोक्यावर पदर. भावकीपुढे ती कधी आली नव्हती. ती परात घेऊनच उभी राहिली.

"ती उठायची न्हाई," आई म्हणाली. "जपानची रीत हाय. ऐकून घेतल्याबिगार उठत न्हाईत."

"काय ऐकायचं?"

"कालेज पुरं करून द्याचं. मंग लगीन. मंग उठंल."

आईला जपानची रीत कुणी सांगितली? कुणीच नाही. ती रीत तिने तिथे, परात हातात धरून, स्वतः तयार केली. आजही मी जपानबद्दल बरंच काही वाचते. इतकी उपयोगाची रीत मला तिथे सापडलेली नाही.

नाना म्हणाले, "आसं कुटं आसतंय?" पण आबांचं लक्ष परातीकडे होतं. "आरं, पोरगी पडंल तिथं! जाऊ द्या तिला कालिजात. दोन वरसांनी काय मोठं आभाळ कोसळतंय? उठवा आदी. रस्सा गार व्हतोय." भावकीतल्या वडीलधाऱ्याचा शब्द तो शब्द, रश्श्यापायी दिलेला असला तरी. आईने परात खाली ठेवली, माझ्या खांद्याला धरून मला सरळ केलं आणि कानात म्हणाली, "बास. लई झालं." नाना सात मासवड्या जेवले.

दुसऱ्या दिवशी मी सोनलच्या माळ्यावर जाऊन माझं लिहिलेलं पुसून टाकलं. त्याने काही झालं नाही. खाली दुसऱ्या कुणीतरी तेच वाक्य जसंच्या तसं उतरवून आपलं म्हणून टाकलेलं होतं, माझ्या शुद्ध व्याकरणासकट, आणि त्याला अंगठे मिळतच होते. मिओने महिन्याभरात ग्रुप सोडला. पुढे ती कुठे गेली मला माहीत नाही, आणि मी शोधलंही नाही. निदान एका माणसाने तिला शोधू नये, एवढं तरी मी तिला देणं लागते. शेवटच्या रांगेत, डावीकडून दुसऱ्या जागी लगेच नवी मुलगी उभी राहिली. तिलाही गाता येत नव्हतं.

फ्लेक्सचं सांगायचं राहिलं. तो नानांनीच उतरवला. कापड चांगलं जाड होतं, म्हणून स्वतःच्या कांद्याच्या चाळीवर टाकला, छापील बाजू आत करून. जपानभूषण मिओताई तीन पावसाळे नानांच्या कांद्यांकडे बघून हसत होत्या.

दोन वर्षांनी मी बीएस्सी झाले. फर्स्ट क्लास. पेठच्या रोपवाटिकेने तोवर दुसरीकडे लग्न करून घेतलं होतं. निकालाच्या दिवशी नाना पेढे घेऊन आले आणि संध्याकाळी पप्पूदादाचा फोन, "नानांनी फ्लेक्स सांगितलाय, वीस बाय दहा. तुझा फोटू दे." या वेळी मी प्रूफ बघायला गेले. डावीकडे मी, बोटाएवढी. उजवीकडे टोपी, जोडलेले हात, तोंडभर हसू, माझ्या दुप्पट. खाली लिहिलेलं, 'शिक्षणाची खंबीर पाठराखण करणारे'.

"हे काढ," मी म्हटलं.

"कोन? नाना?" पप्पूदादाने माऊस सोडला. "मने, नानांबिगर फ्लेक्स आजवर निघाला न्हाई जुन्नर तालुक्यात."

"आज निघेल. तिथे आईचा टाक. पैसे मी देते."

आईचा फोटो एकच होता, बँकेच्या पासबुकावरचा, शिक्का अर्धा गालावर आलेला. पप्पूदादाने तो शिक्का पुसायला तासभर घातला आणि एक रुपया जास्त घेतला नाही, हे त्याच्या नावावर लिहायला हवं.

फ्लेक्स लागल्यावर नाना महिनाभर आमच्याकडे आले नाहीत. आई दळण आणायला फाट्यावर गेली तेव्हा मी बरोबर होते. डोक्यावर पिठाचा डबा, आणि समोर वीस बाय दहावर ती स्वतः. बराच वेळ बघत राहिली. दोन पोरं सायकल थांबवून एकदा फ्लेक्सकडे आणि एकदा तिच्याकडे बघून गेली.

"मी तर पास बी न्हाई झाले," ती म्हणाली, "आन मेले बी न्हाई. मंग ह्यो फोटू कशापायी?"

"खाली लिहिलंय की."

तिने डोक्यावरचा डबा एका हाताने सावरला आणि अक्षरं जोडत जोडत, चौथीच्या परीक्षेला बसल्यासारखी, मोठ्याने वाचलं, "शु... भे... च्छुक."

"बरोबर?" तिने विचारलं.

मी म्हटलं, "पैकीच्या पैकी."